बसगाड्या रिकाम्या कुणी ठेवल्या?

एक शिवणकाम करणारी बाई दिवसभराच्या कामाने थकली होती, म्हणून बसमधल्या जागेवरून उठली नाही. तिला अटक झाली. मग डॉ. मार्टिन ल्यूथर किंग पुढे आले आणि कृष्णवर्णीयांना न्याय मिळाला. अमेरिकेतल्या मॉन्टगोमेरी शहराच्या बस बहिष्काराची गोष्ट आपल्याकडे, आणि खुद्द अमेरिकेतही, बहुधा अशीच सांगितली जाते. ऐकायला ती गोड वाटते. पण आमचे म्हणणे असे आहे की ही गोष्ट अर्धवट आहे, आणि अर्धवट इतिहास शोषितांच्या कामाचा नसतो. तो त्यांना लढायला शिकवत नाही, फक्त कुणाची तरी वाट पाहायला शिकवतो.

आधी त्या थकव्याबद्दल बोलू. १ डिसेंबर १९५५ रोजी रोझा पार्क्स यांना अटक झाली, तेव्हा त्या ४२ वर्षांच्या होत्या. आपण शरीराने थकलो नव्हतो, सतत माघार घेण्याला कंटाळलो होतो, असे त्यांनी स्वतःच आत्मचरित्रात सांगून ठेवले आहे. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी या संघटनेच्या स्थानिक शाखेचे काम त्या १९४३ पासून पाहत होत्या. १९५५ च्या उन्हाळ्यात टेनेसी राज्यातल्या हायलँडर शाळेत कार्यकर्त्यांच्या शिबिराला त्या जाऊन आल्या होत्या. अशा कार्यकर्तीला 'थकलेली बाई' म्हणायचे, म्हणजे तिचे हृदय मान्य करायचे आणि तिचा मेंदू नाकारायचा. हे कुणाच्या सोयीचे आहे?

दुसरी गोष्ट, त्या पहिल्या नव्हत्या. त्याच वर्षी २ मार्चला १५ वर्षांच्या क्लॉडेट कोल्विन या शाळकरी मुलीने जागा सोडायला नकार दिला आणि पोलिसांनी तिला बेड्या घालून नेले. ऑक्टोबरमध्ये १८ वर्षांच्या मेरी लुईस स्मिथलाही याच कारणासाठी अटक झाली. बसमधल्या पुढच्या दहा जागा गोऱ्यांसाठी राखीव असत. त्या भरल्या की मागच्या रांगेतल्या कृष्णवर्णीयांनी उठायचे. पैसे पुढच्या दाराने द्यायचे आणि अनेकदा खाली उतरून मागच्या दाराने चढायचे. तेवढ्यात चालकाने गाडी पुढे नेली तर पैसेही गेले आणि बसही गेली! आणि या बस कंपनीचा गल्ला भरत कोण होते? तिच्या प्रवाशांपैकी सुमारे तीन चतुर्थांश लोक कृष्णवर्णीय होते.

हा हिशेब सर्वात आधी ज्यांनी नीट मांडला, त्यांत जो ॲन रॉबिन्सन या प्राध्यापिका होत्या. अलाबामा स्टेट कॉलेजमध्ये त्या इंग्रजी शिकवत. १९४९ मध्ये एका बसचालकाने त्यांना अपमानित करून खाली उतरवले होते. पुढे त्या विमेन्स पॉलिटिकल कौन्सिल या महिला संघटनेच्या अध्यक्ष झाल्या. मे १९५४ मध्ये त्यांनी शहराच्या महापौरांना पत्र लिहून बजावले होते की वागणूक सुधारली नाही तर बहिष्कार पडू शकतो. म्हणजे रोझा पार्क्स यांच्या अटकेच्या दीड वर्ष आधी! अटकेची बातमी कळताच, त्याच रात्री, एक सहकारी आणि दोन विद्यार्थी यांच्या मदतीने त्यांनी कॉलेजच्या चक्रमुद्रण यंत्रावर हजारो पत्रके काढली. सकाळी ती वाटायला सुरुवात झाली. सोमवारी, ५ डिसेंबरला, बसगाड्या जवळजवळ रिकाम्या धावल्या.

आता क्रम लक्षात घ्या. सकाळी बस रिकाम्या झाल्या. त्याच दिवशी दुपारी मॉन्टगोमेरी इम्प्रूव्हमेंट असोसिएशन स्थापन झाली आणि शहरात नवखे असलेले २६ वर्षांचे धर्मोपदेशक डॉ. किंग तिचे अध्यक्ष झाले. आम्ही डॉ. किंग यांचे मोठेपण तसूभरही कमी करत नाही. जानेवारीत त्यांच्या घरावर बॉम्ब टाकला गेला, तरी ते हटले नाहीत. पण नेत्याने लोक घडवले तसे लोकांनीही नेता घडवला, हे सांगितल्याशिवाय त्यांचे मोठेपणही नीट कळत नाही.

रोझा पार्क्स यांना जामिनावर सोडवून आणणारे ई. डी. निक्सन रेल्वेच्या शयनयानात पोर्टर होते. या पोर्टरना गोरे प्रवासी सरसकट 'जॉर्ज' म्हणून हाक मारत. त्यांना स्वतःचे नावसुद्धा असू दिले नव्हते. पण याच पोर्टरनी १९२५ मध्ये ए. फिलिप रँडॉल्फ यांच्या नेतृत्वाखाली आपली युनियन उभी केली होती. सामान उचलणारा माणूस संघटना कशी चालवावी हे या युनियनमध्ये शिकला.

बहिष्कार ३८१ दिवस टिकला तो पोकळ घोषणांवर नाही. सुमारे ३०० मोटारींची पर्यायी वाहतूक व्यवस्था उभी राहिली. ठरलेले थांबे आणि ठरलेल्या वेळा होत्या. पेट्रोलला पैसे लागत, ते कुठून आले? जॉर्जिया गिलमोर या स्वयंपाकिणीने बायका गोळा केल्या. त्या घरी चिकन सँडविच, केक, पाय करून विकत आणि पैसे सभेत आणून देत. गटाचे नाव ठेवले 'क्लब फ्रॉम नोव्हेअर', म्हणजे 'कुठूनच न आलेला क्लब'. पैसे कुणी दिले असे विचारले तर उत्तर तयार! नावे उघड झाली असती तर कामावरून काढले असते. खुद्द गिलमोर यांनी न्यायालयात साक्ष दिली आणि त्यांची नोकरी गेलीच. दुसरीकडे, आपल्या मोलकरणींना मोटारीने ने-आण करणे थांबवा, अशी विनवणी महापौरांना गोऱ्या गृहिणींना करावी लागली. व्यवस्था कुणाच्या श्रमावर उभी आहे, याचा यापेक्षा स्पष्ट पुरावा कोणता?

शेवटी निकाल लागला तो 'ब्राउडर विरुद्ध गेल' या खटल्यात. त्यात रोझा पार्क्स फिर्यादी नव्हत्या. ऑरेलिया ब्राउडर, सुझी मॅकडोनाल्ड, मेरी लुईस स्मिथ आणि क्लॉडेट कोल्विन या चौघी होत्या. १३ नोव्हेंबर १९५६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूचा निकाल कायम केला. कोल्विन गरीब वस्तीतली, अल्पवयीन, आणि पुढे अविवाहित असताना गरोदर राहिलेली. म्हणून चळवळीचा चेहरा व्हायला ती 'योग्य' ठरली नव्हती. साक्षीच्या पिंजऱ्यात मात्र तीच उभी राहिली. चळवळीतल्या लोकांनीही प्रतिष्ठेचे माप लावून आपल्याच एका मुलीला मागे ठेवले, हेही आम्ही लपवू इच्छित नाही. तिची त्या अटकेची नोंद पुसायला २०२१ साल उजाडावे लागले.

अमेरिकेतल्या या लढ्याशी आपले नाते जुने आहे. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' हे पुस्तक अमेरिकेतील गुलामी नष्ट करणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण केले. कोलंबिया विद्यापीठात शिकलेल्या बाबासाहेबांनी १९४६ मध्ये कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डु बॉइस यांना पत्र लिहून त्यांच्या समाजाने संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागितली. ते त्यांच्याकडे केवळ प्रेरणा मागत नव्हते. त्यांना कागद हवा होता, पद्धत समजून घ्यायची होती.

मॉन्टगोमेरीकडे आम्हीही तसेच पाहावे. पुतळ्याला हार घालणे सोपे आहे. पत्रक कुणी छापले, पेट्रोलचे पैसे कुणी जमवले, साक्ष द्यायला कोण उभे राहिले आणि त्यापायी कुणाची नोकरी गेली, हे विचारणे कठीण आहे. पण पुढची चळवळ उभी करायची असेल तर उत्तरे याच प्रश्नांची लागतील. आपल्या वस्तीतल्या, आपल्या चळवळीतल्या अशा बायकांची नावे आपण लिहून ठेवली आहेत का?