गेम नेमका कुठे असतो? फाइल्सच्या पत्त्यांचा इतिहास

संशोधनाची तयारी करणाऱ्यांनी गेमबद्दल का वाचायचं, असं तुम्हाला वाटत असेल. उत्तर सोपं आहे. "माझी फाइल नेमकी कुठे आहे?" हा प्रश्न पीएचडीच्या पाच वर्षांत तुम्हाला किती वेळा पडेल ते आत्ताच सांगता येणार नाही. पण त्याचं उत्तर शोधण्याची सवय लावायला गेमइतकं चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही. बहुतेकांनी कधी ना कधी एखादा गेम इन्स्टॉल केलेला असतो, आणि कॉम्प्युटर फॉरमॅट झाल्यावर काय काय गेलं याचा अनुभवही घेतलेला असतो.

आधी प्रश्न नीट मांडू. "गेम कुठे आहे?" हा दिसायला एक प्रश्न आहे, पण त्याच्या पोटात तीन आहेत. चालणारा प्रोग्रॅम आणि त्याची चित्रं-आवाज कुठे आहेत? त्या मशीनपुरत्या सेटिंग्ज कुठे आहेत? आणि तुम्ही खेळून जे मिळवलं, म्हणजे सेव्ह, ते कुठे आहे? पहिली गोष्ट हरवली तर पुन्हा आणता येते. दुसरी पुन्हा लावता येते. तिसरी गेली की गेली. आज या तिन्ही गोष्टी बहुधा तीन ठिकाणी असतात. पण त्या पहिल्यापासून अशा नव्हत्या. त्या वेगळ्या कशा झाल्या, तोच हा इतिहास.

सगळं एकाच ठिकाणी

१९८१ साली आयबीएमचा पीसी आला, तेव्हा त्याच्यासोबतच्या डॉसच्या पहिल्या आवृत्तीत फोल्डर ही गोष्टच नव्हती. फ्लॉपीत १६० केबी जागा होती आणि सगळ्या फाइल्सची एकच यादी. एवढ्या कमी जागेत फोल्डर हवेत कुणाला? १९८३ साली पीसी-एक्सटी आला. त्यात १० एमबीची हार्ड डिस्क होती, आणि तिच्यासाठी डॉस २.० मध्ये फोल्डरच्या आत फोल्डर करायची सोय आली. जागा वाढली म्हणून पत्ते लागले, हे लक्षात ठेवा.

त्यानंतरही बरीच वर्षं गेमचा पत्ता एकच असायचा. 'प्रिन्स ऑफ पर्शिया' घ्या. जॉर्डन मेकनरनं तो आधी ॲपल-२ साठी केला, १९८९ साली. डॉसची आवृत्ती १९९० ची. तिच्या फोल्डरमध्ये प्रोग्रॅम, चित्रं, आवाज, सगळं एकत्र, आणि तुम्ही खेळ सेव्ह केलात की 'प्रिन्स.सॅव्ह' नावाची फाइलही तिथेच. फोल्डर उचलला, दुसऱ्या मशीनवर टाकला, की गेम चालू. सेव्हसकट.

ही सोय सगळ्यांनाच आवडली, व्हायरसनाही. गेमच्या फ्लॉप्या हातोहात फिरायच्या आणि त्यांच्यासोबत व्हायरस फिरायचे. मायकेलअँजेलो हा त्या काळचा गाजलेला व्हायरस. तो ६ मार्चला डिस्कवरचा डेटा खराब करायचा. पुण्यात कैलास काटकर यांचं दुरुस्तीचं दुकान होतं. त्यांचे भाऊ संजय यांनी दुरुस्तीला येणाऱ्या मशीनमधले व्हायरस काढायला प्रोग्रॅम लिहिले, त्यातून पुढे क्विक हील उभं राहिलं. फाइल उचलून नेणं जितकं सोपं, तितकी तिच्यासोबत काय येतंय याची चौकशी जास्त लागते. कुणाकडून पेनड्राइव्हवर डेटा घेताना हे आजही लागू आहे.

पहिली फाळणी: यंत्र आणि माल

डिसेंबर १९९३ मध्ये आयडी सॉफ्टवेअरचा 'डूम' आला. त्यात प्रोग्रॅम 'डूम.एक्सई' मध्ये, आणि नकाशे, चित्रं, आवाज हे सगळं वेगळ्या 'वॅड' फाइलमध्ये होतं. वॅड या नावाचा विस्तार सांगतात तो साधारण "सगळा डेटा कुठेय?" असा आहे. म्हणजे आपला प्रश्नच फाइलचं नाव होऊन बसला!

या फाळणीचा फायदा काय झाला? लोकांनी मूळ प्रोग्रॅमला हात न लावता स्वतःचे नकाशे केले. १९९७ च्या डिसेंबरात कंपनीनं प्रोग्रॅमचा सोर्स कोड खुला केला, पण माल मात्र स्वतःकडे ठेवला. दोन्ही गोष्टी वेगळ्या होत्या म्हणूनच हे जमलं. आज 'डूम' नाना यंत्रांवर चालतो, त्याचं एक कारण ही सुटसुटीत मांडणी आहे. तुमच्या विश्लेषणाचा कोड आणि तुमचा डेटा एकाच फाइलमध्ये कालवलेला असेल, तर इथे जरा थांबून विचार करा.

युनिक्सच्या जगात हा विचार आणखी पुढे गेला होता. १९९४ साली लिनक्ससाठी फाइल्सच्या जागांचं एक मानक लिहिलं गेलं. पुढे त्यातून जी पद्धत पक्की झाली तिचं सूत्र असं: जे बदलत नाही ते 'यूएसआर' मध्ये, जे बदलतं ते 'व्हार' मध्ये. आणि गंमत म्हणजे त्यात गेमच्या बदलत्या डेटासाठी 'व्हार' च्या आत 'गेम्स' नावाची स्वतंत्र जागा आहे. स्कोअरची यादी बदलते, प्रोग्रॅम बदलत नाही, मग दोघांना एका खोलीत कशाला ठेवायचं?

विंडोज ९५ आणि हरवलेला पत्ता

ऑगस्ट १९९५ मध्ये विंडोज ९५ आलं. प्रोग्रॅमसाठी 'प्रोग्रॅम फाइल्स' हा ठरलेला फोल्डर आला. सेटिंग्ज नोंदवायला रजिस्ट्री हे मध्यवर्ती दप्तर सगळ्या प्रोग्रॅमना मिळालं. डेस्कटॉपवर शॉर्टकट आले. वापरणाऱ्याचं काम सोपं झालं, पण फाइल त्याच्या नजरेआड गेली.

आपल्या भागात बहुतेकांची कॉम्प्युटरशी ओळख याच टप्प्यावर झाली. २००१ साली एमकेसीएल स्थापन झालं आणि एमएस-सीआयटीची केंद्रं वडवणीसारख्या तालुक्याच्या गावांपर्यंत आली. म्हणजे आपण डॉसचा काळ बघितलाच नाही. फोल्डर समजायच्या आधी आपल्याला आयकॉन भेटला. म्हणूनच डेस्कटॉपवरचा आयकॉन पेनड्राइव्हमध्ये कॉपी करायचा, घरी जाऊन डबल क्लिक करायचं आणि काहीच होत नाही म्हणून बुचकळ्यात पडायचं, हा अनुभव इतक्या जणांना सारखाच आहे. आयकॉन ही नुसती चिठ्ठी होती, घर भलतीकडेच. काही हुशार पोरं अख्खा फोल्डर उचलायची. तरीही काही गेम चालायचे नाहीत, कारण त्यांच्या नोंदी जुन्या मशीनच्या रजिस्ट्रीत राहिलेल्या असायच्या.

सी फॉरमॅट, डी सुरक्षित?

आता या इतिहासातला सगळ्यात महत्त्वाचा वळणबिंदू. 'व्हाइस सिटी' पीसीवर मे २००३ मध्ये आला. आपल्याकडे तो किती खेळला गेला ते सांगायला नको. हा गेम इन्स्टॉल व्हायचा एका जागी, पण सेव्ह जायचे 'माय डॉक्युमेंट्स' च्या आत, 'जीटीए व्हाइस सिटी यूझर फाइल्स' नावाच्या फोल्डरमध्ये. आठ जागा, आठ फाइल्स. सेटिंग्जची फाइलही तिथेच. एकाच मशीनवर दोघा भावांची दोन खाती असतील, तर प्रत्येकाचा खेळ वेगळा राहावा, हा त्यामागचा विचार. विचार योग्यच होता.

पण आपल्याकडे एक वेगळी रूढी होती. विंडोज 'सी' मध्ये, गेम आणि पिक्चर 'डी' मध्ये. व्हायरस आला की दुरुस्तीवाला विचारायचा, "सी फॉरमॅट मारतो, डीमध्ये आहे ना सगळं?" आणि आपण हो म्हणायचो. गेम खरंच डीमध्ये असायचा. सेव्ह मात्र सीमध्ये, कारण 'माय डॉक्युमेंट्स' सीमध्ये. फॉरमॅटनंतर काही जीबींचा गेम जागच्या जागी, आणि काही केबींची महिनाभराची मेहनत साफ. २००५ नंतरची काही वर्षं मराठवाड्यात रोज तासन्‌तास भारनियमन असायचं. लाइट असेल तेवढ्यातच खेळून जमवलेल्या त्या सेव्हची किंमत तुम्हीच ठरवा.

आता गेमच्या जागी प्रबंध ठेवून बघा. तुमचा तिसऱ्या प्रकरणाचा मसुदा कुठे आहे? "डेस्कटॉपवर." डेस्कटॉप कुठे असतो? सीमध्येच, तुमच्या खात्याच्या फोल्डरच्या आत. एसपीएसएस किंवा आर कुठे इन्स्टॉल आहे याची काळजी करू नका, ते पुन्हा मिळेल. मोजणीच्या मूळ नोंदी पुन्हा मिळणार नाहीत.

पत्ता आणखी आत जातो

२००७ साली व्हिस्टा आलं आणि सुरक्षेसाठी 'प्रोग्रॅम फाइल्स' मध्ये कुणीही लिहायचं नाही असा नियम कडक झाला. पण जुने गेम तर तिथेच सेव्ह करायचे. मग विंडोजनं तोडगा काढला. गेमनं तिथे लिहायचा प्रयत्न केला की ती फाइल गुपचूप 'ॲपडेटा' मधल्या 'व्हर्च्युअलस्टोअर' मध्ये वळवायची. गेमला वाटतं आपण घरीच ठेवलं, प्रत्यक्षात फाइल दुसऱ्याच्याच कपाटात. वर 'ॲपडेटा' हा लपवलेला फोल्डर!

व्हॉल्व्हचं 'स्टीम' २००३ पासून आहे. त्याचे गेम आज 'स्टीमॲप्स' च्या आत 'कॉमन' मध्ये असतात. लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून 'मॅनेज' मधून 'ब्राउझ लोकल फाइल्स' घेतलं की फोल्डर उघडतो. जागा कमी पडली तर तो फोल्डर हातानं उचलू नका. प्रॉपर्टीजमध्ये गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवायची सोय आहे. काढायचा असेल तरी अनइन्स्टॉलच करा, नुसता फोल्डर डिलीट करू नका, नाहीतर नोंदी मागे राहतात. पण सेव्ह? ते गेमगणिक वेगळे. कुणाचे डॉक्युमेंट्समध्ये, कुणाचे ॲपडेटामध्ये, कुणाचे स्टीमच्याच 'यूझरडेटा' मध्ये, आणि काहींची एक प्रत क्लाउडवरही.

शोधायचं कसं: एक छोटा प्रयोग

इंटरनेटवर पत्ता शोधता येतोच. पण एकदा स्वतः शोधून बघा, पद्धतशास्त्राचा अर्धा तास त्यातच होऊन जाईल.

गेम चालू करा, टास्क मॅनेजरमध्ये त्याच्यावर राइट क्लिक करून 'ओपन फाइल लोकेशन' घ्या. प्रोग्रॅम सापडला. आता गेममध्ये सेव्ह करा आणि घड्याळातली वेळ लिहून ठेवा. लपवलेल्या फाइल्स दिसतील अशी सोय चालू करा आणि तुमच्या खात्याच्या फोल्डरमध्ये त्या मिनिटाला बदललेल्या फाइल्स शोधा. दोन-चार उमेदवार मिळतील. हे झालं निरीक्षण, अजून सिद्ध काही झालेलं नाही.

सिद्ध करायचं तर गेम बंद करा, संशयित फोल्डरची प्रत दुसरीकडे ठेवा आणि मूळ फोल्डरचं नाव बदला. नाव बदला, काढून टाकू नका. आता गेम उघडा. तो पहिल्यापासून सुरू झाला तर तुमचा अंदाज बरोबर. खेळ जिथे थांबवला होता तिथूनच सुरू झाला तर दोन शक्यता: फोल्डर चुकला, किंवा क्लाउडनं सेव्ह परत आणून ठेवला. म्हणून क्लाउडची जुळवणी आधी बंद करून मगच प्रयोग करायचा. निकालात लुडबूड करणारा असा तिसरा घटक आधीच ओळखणं, हेच पुढे तुमच्या प्रयोगांत करायचं आहे. आणि तपासून झालं की फोल्डरचं जुनं नाव परत द्यायला विसरू नका.

बावीस वर्षं कपाटात

जॉर्डन मेकनरकडे 'प्रिन्स ऑफ पर्शिया' च्या ॲपल-२ आवृत्तीचा मूळ सोर्स कोड कित्येक वर्षं सापडत नव्हता. जगभर खेळलेला गेम, प्रती असंख्य, पण तो ज्यातून घडला ते हरवलेलं. २०१२ साली त्याच्या वडिलांना घरात जुन्या फ्लॉप्यांचं एक खोकं मिळालं. जुन्या मशीनचे जाणकार मदतीला आले, फ्लॉप्या वाचल्या गेल्या आणि त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये त्यानं तो कोड सर्वांसाठी प्रसिद्ध केला. फ्लॉप्या अजून वाचता येत होत्या, हे नशीब.

तुमचा प्रबंध उद्या शोधगंगेवर जाईल. तो म्हणजे तयार गेम, त्याच्या प्रती टिकतील. पण मूळ नोंदी, प्रश्नावल्या, मोजमापं आणि विश्लेषणाचा कोड तुमच्याकडेच राहणार. त्यामुळे आज संध्याकाळी एक काम करा. संशोधनाचा एकच फोल्डर करा आणि त्यात तीन कप्पे पाडा: एकात मूळ डेटा, ज्याला पुन्हा हात लावायचा नाही, दुसऱ्यात कोड आणि पद्धतीच्या नोंदी, तिसऱ्यात निकाल, जे पुसले तरी पहिल्या दोघांतून परत काढता येतील. पहिल्या दोन कप्प्यांची एक प्रत मशीनच्या बाहेर ठेवा, आणि कुठला कप्पा कुठे आहे ते एका कागदावर लिहून टेबलाच्या खणात टाका. उद्या दुरुस्तीवाल्यानं "सी फॉरमॅट मारू का?" विचारलं, तर त्या कागदाकडे बघून उत्तर द्या.