पेटी, तारपा आणि उपासना

उपासनेत कोणते वाद्य शोभते आणि कोणते नाही, हा ख्रिस्तसभेतील फार जुना प्रश्न आहे. 1903 साली पोप दहावे पायस यांनी संगीतविषयक आदेश काढून मंदिरात पियानो, ढोल व झांजा यांना मज्जाव केला. मान राहिला तो ऑर्गनचा.

परंतु लहान मंदिरांना ऑर्गन कोठून परवडणार? 1840 च्या सुमारास पॅरिसमध्ये अलेक्सांद्र दबँ यांनी घडविलेली हार्मोनियम तेथे उपयोगी पडली. पायाने भाता हलवायचे हे वाद्य युरोपियनांबरोबर भारतात आले. कलकत्त्यात द्वारकानाथ घोष यांनी त्याला हातभात्याचे रूप दिले आणि मांडी घालून बसलेल्या भजनकऱ्यापुढे पेटी आली.

तिलाही विरोध चुकला नाही. तिचे स्वर ठरावीक. मींड निघत नाही, श्रुतींना वाव नाही, म्हणून ऑल इंडिया रेडिओने 1940 साली तिच्यावर बंदी घातली. ती 1971 पर्यंत टिकली. अमेरिकेतही असेच घडले. ब्लूज वाजविणारे टॉमस डॉर्सी (1899–1993) यांनी पियानोचा तोच ठेका भक्तिगीतांत आणला, तेव्हा अनेक चर्चनी त्यांना दूर ठेवले. पुढे तेच गॉस्पेल संगीताचे जनक ठरले.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने 1963 साली ऑर्गनचा मान कायम ठेवून, पवित्र उपयोगास योग्य अशा इतर वाद्यांनाही दार उघडले. लोकांच्या स्वतःच्या संगीतपरंपरेचा आदर करावा, असेही परिषदेने सांगितले. मिस्सात पेटी-तबला रुजला तो या वाटेने.

डहाणू-तलासरी भागात, कासा परिसरातील वारली पाड्यांवर, मात्र लोकांचे वाद्य पेटी नव्हे; तारपा आहे. सुकलेला भोपळा, बांबूच्या दोन नळ्या आणि ताडपानांचा कर्णा. पेटीत भाता हवा पुरवितो, तारप्यात माणसाचा श्वास. वाजविणारा गालांत हवा साठवून नाकाने श्वास घेतो, म्हणून सूर तुटत नाही. त्याच्याभोवती नाचणारे त्याच्याकडे पाठ करीत नाहीत.

विद्युत कीबोर्डवर हा आवाज एका कळीने उमटविता येईल. पण त्यात तो श्वास आणि तो फेर नसेल. शिवाय तारप्याला वारल्यांची स्वतःची श्रद्धा जडलेली आहे. सणापुरती शोभा म्हणून तो वेदीपाशी आणणे हा आदर नव्हे. तो यावा तर वारली ख्रिस्तजनांच्या इच्छेने आणि त्यांच्याच हातून यावा. पेटीला आपलेपण मिळायला शंभराहून अधिक वर्षे लागली. तारपा तर या मातीतलाच आहे. त्याच्याबाबतीत धीर धरणे आपल्याला जड जाऊ नये.