दर्या, दऱ्या आणि एक सामायिक फाईल

मिरकरवाडा हे रत्नागिरीचे मासेमारी बंदर. त्याच्या उत्तरेस मिऱ्या. ही शेजारची नावे संगणकावर लिहू गेल्यास पहिल्यात केवळ ऱ्हस्व इकार व्यंजनाच्या डावीकडे न्यावा लागतो; दुसऱ्यास शिवाय मराठीचा खास अर्धा ‘र’ हवा. तो नसेल तर ‘दऱ्या’चा ‘दर्या’ होतो, म्हणजे डोंगर बुडून समुद्र उरतो.

संगणकीय मराठीच्या इतिहासात सारे श्रेय संकेतप्रणालीस देणे आम्हांस अपुरे वाटते. १९९१ साली युनिकोडने देवनागरीस क्रमांक दिले. त्यांची मांडणी १९८८ च्या भारतीय ‘इस्की’ संकेतावर आधारलेली होती. परंतु क्रमांक म्हणजे अक्षर नव्हे. ‘मिऱ्या’तील जोडाक्षर ऱ, हलन्त आणि य असे सुटे साठविले जाते, जुळणी दुसऱ्या कोणी करावी लागते. पुण्याच्या सी-डॅकच्या ‘जिस्ट’ने ती संगणकात बसवावयाच्या कार्डाकडे सोपविली होती. खासगी फॉन्टांनी तर आकारांनाच क्रमांक दिले, आणि एका फॉन्टातील लेख दुसऱ्यात निरर्थक ठरला.

विंडोज २००० मध्ये हे काम ‘यूएसपी१०.डीएलएल’ या सामायिक फाईलकडे आले. शब्दसंपादक असो वा ब्राउझर, तिचा आश्रय घेणाऱ्यास जुळणी आयती मिळे. प्रोग्राम रचणाऱ्यास मराठी येण्याची गरज नव्हती. जो प्रोग्राम अक्षरे स्वतःच एकेक करून मांडी, त्याच्या पडद्यावर हलन्ते उघडी पडत.

खासगी फॉन्टांतील जुने लेख मात्र तिच्या कक्षेबाहेर राहिले. त्यांत मिऱ्या शोधू जाणाऱ्या अभ्यासकास आधी त्यांचे रूपांतर करावे लागते.