बतावणी ते ‘गजरा’: मराठी प्रहसनाची वाट
पुणे–सोलापूर महामार्गावरील टेंभुर्णी हे दुसऱ्या बाजीरावाचे मुत्सद्दी सदाशिव माणकेश्वर यांच्याशी निगडित गाव असून, येथून एक वाट पंढरपूरकडे वळते, तर महामार्गावर पुढे लागणारे मोडनिंब लावणीच्या कलाकेंद्रांसाठी प्रसिद्ध आहे. वारी आणि तमाशा यांचे प्रवाह असे शेजारी वाहणाऱ्या या परिसरातून पाहिले, तर रोजच्या जगण्यावरील मराठी दूरचित्रवाणी-प्रहसनाची मुळे स्पष्ट दिसतात.

सोळाव्या शतकात एकनाथांनी समृद्ध केलेल्या भारुडात, म्हणजे सोंग घेऊन सादर होणाऱ्या रूपकात्मक पदात, सासुरवाशिणीसारखी ओळखीची माणसे अध्यात्म सांगू लागली. तमाशात गण (नमन) व गवळण संपल्यावर आणि वग (मुख्य कथानाट्य) सुरू होण्यापूर्वी येणारी बतावणी म्हणजे दोन-तीन नटांनी बहुधा जागच्या जागी रचलेला विनोदी संवाद होय. तिची संहिता लिहिलेली नसल्यामुळे समोरच्या गावाप्रमाणे ती बदलत असे, आणि त्याच कारणाने तिचा फार मोठा भाग कायमचा हरपला.

सोलापुरात जन्मलेल्या वसंत सबनीसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्याने 1965 मध्ये या शैलीला लिखित रूप दिले, तरी नट दादा कोंडके यांच्या हजरजबाबीपणाला त्यात मोकळीक राहिली. 2 ऑक्टोबर 1972 रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाल्यानंतर विनायक चासकर यांच्या ‘गजरा’ या कार्यक्रमाने छोटी प्रहसने घराघरात पोहोचवली, तर चिं. वि. जोशी यांच्या कथांवरील ‘चिमणराव’ मालिकेत दिलीप प्रभावळकर व बाळ कर्वे यांनी मध्यमवर्गीय संसार उभा केला. कॅमेऱ्यामुळे भुवईची हालचालही अर्थपूर्ण ठरली. मात्र स्टुडिओत नटाला समोरच्या गर्दीचा प्रतिसाद मिळेनासा झाला. जपानमध्ये 1969 ते 1985 या काळात चाललेला ‘हाचिजी दायो! झेनइन शूगो’ हा प्रहसनांचा कार्यक्रम प्रेक्षागृहांतून थेट प्रक्षेपित होत असल्याने तेथे नट आणि प्रेक्षक यांच्यातला हा दुवा टिकून राहिला.

प्रेक्षकाला पाहून संवाद घडवणे हे बतावणीचे खरे शास्त्र असून, ते ज्येष्ठ तमाशा कलावंतांच्या स्मरणातच जिवंत आहे. त्यामुळे त्यांच्या बतावण्यांचे ध्वनिचित्रमुद्रण तातडीने झाल्याखेरीज मराठी प्रहसनाचा इतिहास पूर्ण लिहिता येणार नाही.