दाराच्या आतला साक्षीदार : ब्रायन क्लफ आणि त्याचा बातमीदार

१/
इंग्लिश फुटबॉलमधला सर्वांत वादग्रस्त मॅनेजर ब्रायन क्लफ २० सप्टेंबर २००४ रोजी निवर्तला. तोवर त्याच्यावर अमाप लिहून झाले होते. दोन आत्मचरित्रे होती, असंख्य मुलाखती होत्या, दूरचित्रवाणीवर गाजलेले वाद होते. तरीही २००७ मध्ये नॉटिंगहॅमच्या एका स्थानिक बातमीदाराचे पुस्तक आले आणि क्लफची नव्याने चर्चा सुरू झाली. लेखक डंकन हॅमिल्टन. पुस्तक ‘प्रोव्हायडेड यू डोन्ट किस मी’. क्रीडाग्रंथांसाठी ब्रिटनमध्ये मानाचा समजला जाणारा विल्यम हिल पुरस्कार त्याला त्याच वर्षी मिळाला. एखाद्या माणसाच्या निकट राहिलेल्याची साक्ष इतिहासाने किती ग्राह्य धरावी, हा या धाग्याचा विषय आहे.

२/
प्रथम माणसाची ओळख. क्लफचा जन्म १९३५ चा, ईशान्य इंग्लंडमधील मिडल्सब्रो या कारखान्यांच्या गावातला. वडील मिठाईच्या कारखान्यात कामाला. घरात मुलांचा मोठा गोतावळा. शाळेत अकराव्या वर्षीची निवडपरीक्षा तो नापास झाला. मैदानात मात्र त्याला तोड नव्हती. मिडल्सब्रो आणि संडरलंड या दोन संघांसाठी त्याने लीगच्या २७४ सामन्यांत २५१ गोल केले. २६ डिसेंबर १९६२ रोजी बरी संघाच्या गोलरक्षकाशी त्याची धडक झाली, गुडघा निकामी झाला आणि ऐन भरातली कारकीर्द जवळपास तिथेच संपली.

३/
वयाच्या तिसाव्या वर्षी, १९६५ मध्ये, तो हार्टलपूल्स या चौथ्या श्रेणीतील संघाचा मॅनेजर झाला. इंग्लिश फुटबॉलमधला मॅनेजर केवळ प्रशिक्षक नसतो. संघनिवड, खेळाडूंची खरेदी-विक्री, शिस्त, वृत्तपत्रांना तोंड देणे, हे सारे त्याच्याच शिरावर असते. या कामात क्लफने सोबत घेतला तो मिडल्सब्रोचा जुना सहकारी, गोलरक्षक पीटर टेलर. टेलर माणसे हेरी, क्लफ त्यांच्याकडून खेळ काढून घेई. पुढची बहुतेक वर्षे ही जोडी एकत्र राहिली.

४/
१९६७ मध्ये दोघे डर्बी काउंटीत आले. दुसऱ्या श्रेणीत रुतलेला हा संघ १९७२ मध्ये इंग्लंडचा विजेता ठरला. परंतु क्लफची जीभ त्याच्या यशापेक्षा वेगाने धावत होती. वृत्तपत्रांतील स्तंभ आणि दूरचित्रवाणीवरील शेरे यांवरून अध्यक्ष सॅम लाँगसन यांच्याशी त्याचे बिनसले आणि ऑक्टोबर १९७३ मध्ये दोघांनी राजीनामे दिले. त्यांना परत आणावे म्हणून डर्बीत आंदोलन झाले, ते निष्फळ ठरले.

५/
मग लीड्स. ज्या संघाला क्लफने वर्षानुवर्षे दांडगाईचा खेळ करणारा म्हणून जाहीरपणे झोडपले, त्याच संघाचा तो १९७४ च्या उन्हाळ्यात मॅनेजर झाला. टेलर सोबत गेला नाही. खेळाडू आधीपासूनच दुरावलेले. ४४ दिवसांत क्लफची हकालपट्टी झाली. त्याच संध्याकाळी, १२ सप्टेंबर १९७४ रोजी, तो यॉर्कशायर टेलिव्हिजनवर आपला पूर्वसुरी डॉन रेव्ही याच्यासमोर बसला. इंग्लिश फुटबॉलमधला हा संवाद आजही पाहिला जातो.

६/
जानेवारी १९७५ मध्ये क्लफ नॉटिंगहॅम फॉरेस्टमध्ये आला, तेव्हा संघ दुसऱ्या श्रेणीत तेराव्या स्थानावर होता. १९७६ मध्ये टेलर पुन्हा येऊन मिळाला. १९७७ मध्ये बढती, १९७८ मध्ये इंग्लंडचे विजेतेपद, १९७९ आणि १९८० मध्ये सलग दोन युरोपियन कप, म्हणजे आजची चॅम्पियन्स लीग. दरम्यान लीगच्या ४२ सामन्यांत हा संघ अपराजित राहिला. हा विक्रम मोडायला आर्सेनलला २००४ चा ऑगस्ट उजाडावा लागला. हे घडले एका मध्यम आकाराच्या शहरात, ज्याच्या संघाने त्यापूर्वी इंग्लंडची लीग कधीच जिंकली नव्हती.

७/
याच काळात हॅमिल्टन हा बोलताना अडखळणारा तरुण बातमीदार क्लफच्या दारात उभा राहिला. पुढे ‘नॉटिंगहॅम इव्हनिंग पोस्ट’ या सायंदैनिकासाठी फॉरेस्टच्या बातम्या देणे हे त्याचे काम झाले. पुस्तकाचे उपशीर्षक ‘ब्रायन क्लफसोबत वीस वर्षे’ अशा अर्थाचे आहे, आणि त्यातला ‘सोबत’ हा शब्द महत्त्वाचा. लंडनचा पत्रकार सामन्यापुरता येई आणि निघून जाई. स्थानिक बातमीदार रोज येई.

८/
या नात्यामागचे अर्थकारण ध्यानात घेतल्याविना पुस्तक नीट वाचता येत नाही. सायंदैनिकाला दररोज फॉरेस्टची बातमी हवी असे, कारण गावाला तीच हवी असे. बातमीचा उगम एकच, तो म्हणजे मॅनेजरची खोली. त्या खोलीचे दार कोणासाठी उघडायचे, हे क्लफ ठरवी. क्लफ एकाच दिवसात मायाळू आणि क्रूर होऊ शके, याची साक्ष त्याच्या खेळाडूंनीही दिली आहे. अशा माणसाच्या मर्जीवर ज्याची रोजीरोटी चालते, त्याने काय लिहावे आणि काय गिळावे?

९/
सर्वांत कठीण प्रश्न दारूचा. क्लफचे मद्यपान वाढत गेले, १९८० च्या दशकात ते लपण्याजोगे राहिले नाही. १९९३ मध्ये, क्लफच्या शेवटच्या हंगामात, फॉरेस्टची पहिल्या श्रेणीतून घसरण झाली आणि तो निवृत्त झाला. जानेवारी २००३ मध्ये त्याच्यावर यकृत-प्रत्यारोपण करावे लागले. खोलीत रोज जाणाऱ्याला हा ऱ्हास सर्वांआधी दिसणार हे उघड आहे. हॅमिल्टनने तो सविस्तर लिहिला, पण २००७ मध्ये. क्लफ हयात नसताना, आणि स्वतः नॉटिंगहॅमच्या त्या नोकरीत नसताना.

१०/
म्हणून एकाच लेखकाची दोन साधने समोर ठेवावी लागतात : त्या वर्षांतली वृत्तपत्रीय बातमी आणि नंतरचे पुस्तक. पहिली घटनेला लागून आहे, पण तिच्यावर दाराचा पहारा आहे. दुसरे मोकळे आहे, पण त्यावर स्मृतीचा, शोकाचा आणि कृतज्ञतेचा थर चढला आहे. अस्सल पत्र आणि उत्तरकालीन बखर यांची तुलना करणाऱ्या मराठी इतिहासप्रेमींना हा पेच नवा वाटणार नाही.

११/
या पुस्तकाचे बळ कशात आहे? करंडकांची यादी कुठेही मिळते. दोन सामन्यांमधला माणूस मात्र निकटच्या साक्षीदारालाच दिसतो. क्लफ आणि टेलर यांची फारकत हे त्याचे सर्वांत करुण उदाहरण. १९८० मध्ये टेलरने आपल्या जोडीवर एक पुस्तक लिहिले आणि क्लफला त्याचा सुगावा लागू दिला नाही. १९८२ मध्ये तो फॉरेस्टमधून निवृत्त झाला आणि थोड्याच महिन्यांत प्रतिस्पर्धी डर्बीचा मॅनेजर झाला. १९८३ मध्ये त्याने फॉरेस्टचा विंगर जॉन रॉबर्टसन याला क्लफला न कळवता करारबद्ध केले. त्यानंतर दोघे एकमेकांशी कधीच बोलले नाहीत.

१२/
ऑक्टोबर १९९० मध्ये टेलर गेला. क्लफ अंत्यविधीला हजर राहिला आणि १९९४ चे आत्मचरित्र त्याने टेलरला अर्पण केले. या नोंदी कुणालाही सापडतात. परंतु मधल्या सात वर्षांचे मौन कोणत्याही दप्तरात नोंदलेले नसते. ते सांगायला त्या खोलीत बसलेला माणूस लागतो.

१३/
आता मर्यादा. लीड्सचे ४४ दिवस घडले तेव्हा हॅमिल्टन शाळकरी वयाचा होता. डर्बीचा काळही त्याने आतून पाहिलेला नाही. त्याविषयी तो जे सांगतो ते क्लफच्या तोंडून किंवा इतरांकडून आलेले. चरित्राची भाषा सर्वत्र सारखीच आत्मीय असते, त्यामुळे पाहिलेले आणि ऐकलेले यांतली सीमा वाचकाच्या नजरेतून निसटते. ती आखण्याचे काम वाचकाचे.

१४/
त्याच लीड्सवर डेव्हिड पीस याची ‘द डॅम्ड युनायटेड’ ही कादंबरी २००६ मध्ये आली होती. ती क्लफच्या डोक्यात शिरून त्याचे स्वगत लिहिते. क्लफच्या कुटुंबाला ती रुचली नाही आणि लीड्सचा माजी खेळाडू जॉनी जाइल्स याने न्यायालयात धाव घेतल्यावर प्रकाशकाला माघार घ्यावी लागली. २००९ मध्ये तिच्यावर चित्रपटही निघाला. आज अनेकांच्या मनातला क्लफ हा त्या कादंबरीतला क्लफ आहे. एका वर्षाच्या अंतराने आलेली ही दोन पुस्तके शेजारी ठेवली, तर कल्पनेने घडवलेले मन आणि कानांनी ऐकलेला आवाज यांतला फरक कळतो.

१५/
तरीही ऐकणाऱ्याचा कान खोलीतच असतो, आणि काही माणसांना खोलीबाहेर काढलेले असते. जस्टिन फाशानू याला फॉरेस्टने १९८१ मध्ये दहा लाख पौंडांना घेतले. इतकी किंमत मिळालेला तो ब्रिटनमधला पहिला कृष्णवर्णीय फुटबॉलपटू. तो समलिंगी पुरुषांच्या बारमध्ये जातो हे कळल्यावर क्लफने त्याचा पाणउतारा केला आणि त्याला संघाच्या सरावापासूनही दूर ठेवले. ही हकीकत क्लफने आत्मचरित्रात स्वतःच सांगितली आहे. फाशानूने १९९० मध्ये आपली लैंगिकता जाहीर केली. १९९८ मध्ये त्याने आत्महत्या केली.

१६/
दुसरे उदाहरण हिल्सबरोचे. १५ एप्रिल १९८९ रोजी लिव्हरपूल आणि फॉरेस्ट यांच्या उपांत्य सामन्यात झालेल्या चेंगराचेंगरीत अखेर ९७ जणांचे प्राण गेले. क्लफ तिथे हजर होता. १९९४ च्या आत्मचरित्रात त्याने दोष लिव्हरपूलच्या प्रेक्षकांवर ठेवला. २०१६ मध्ये मृत्यूंच्या न्यायालयीन चौकशीतील ज्यूरीने प्रेक्षकांना निर्दोष ठरवले आणि पोलिसांच्या चुका नोंदवल्या. प्रत्यक्षदर्शी असणे म्हणजे बरोबर असणे नव्हे, याचा इतका कठोर दाखला क्वचित मिळतो.

१७/
तेव्हा जिव्हाळ्याचे चरित्र वाचताना तीन प्रश्न जवळ असावेत. लेखकाने हे पाहिले की ऐकले? जे पाहिले ते तेव्हाच का लिहिले नाही? आणि चरित्रनायकाने ज्यांना दुखावले, त्यांची साक्ष कुठे शोधायची? हॅमिल्टनचे पुस्तक पहिल्या दोन प्रश्नांना पुष्कळ उत्तर देते, कारण त्याचे मोठेपण आणि त्याची विटंबना ही दोन्ही त्याने एकाच माणसाची म्हणून लिहिली. तिसऱ्या प्रश्नासाठी वाचकाला दुसरे दार ठोठवावे लागते.

१८/
क्रिकेटप्रेमींसाठी एक दुवा. हॅमिल्टनला तोच विल्यम हिल पुरस्कार २००९ मध्ये पुन्हा मिळाला, तो हॅरॉल्ड लारवुडच्या चरित्रासाठी. १९३२-३३ च्या बॉडीलाइन मालिकेतला हा वेगवान गोलंदाजही नॉटिंगहॅमशायरचाच. मात्र लारवुडची कारकीर्द हॅमिल्टनच्या जन्मापूर्वीच संपली होती, त्यामुळे तिथे ‘सोबत’ हा शब्द शक्य नव्हता. एकाच लेखकाची ही दोन चरित्रे लागोपाठ वाचली, तर सहवासातून लिहिणे आणि शोधातून लिहिणे यांतले अंतर प्रत्यक्ष दिसते.

१९/
२०१० मध्ये डर्बीच्या मैदानाबाहेर क्लफ आणि टेलर यांचा एकत्र पुतळा उभारण्यात आला. दोघे शेजारी उभे आहेत, मधे करंडक आहे. १९७२ पुरते ते चित्र खरे आहे. शहरांना स्मरणासाठी असा एखादा क्षण पुरतो. १९८३ नंतर त्या दोघांत जे घडले ते ब्राँझमध्ये ओतता येत नाही; त्यासाठी कुणीतरी आत बसलेले असावे लागते, आणि बाहेर आल्यावर ते लिहिण्याचे धैर्य त्याच्यापाशी असावे लागते.