इतिहास हलला, हे कळतं कसं?

रे ब्रॅडबरी यांची ‘अ साउंड ऑफ थंडर’ ही कथा १९५२ मध्ये प्रसिद्ध झाली. डायनोसॉरच्या शिकारीसाठी कोट्यवधी वर्षं मागे गेलेला एकेल्स घाबरतो, आखून दिलेली वाट सोडतो आणि त्याच्या बुटाखाली एक फुलपाखरू चिरडतं. परतल्यावर कंपनीच्या कचेरीत तोच फलक टांगलेला असतो, पण त्यावरच्या शब्दांची स्पेलिंगं बदललेली असतात. निवडणुकीत हरलेला हुकूमशाही वृत्तीचा उमेदवार आता जिंकलेला असतो. कचेरीतल्या माणसाला मात्र यात काहीच वावगं वाटत नाही. त्याच्या लेखी फलक पहिल्यापासून असाच आहे.

विज्ञानकथांनी कल्पिलेल्या वास्तवमापकांचा सगळा इतिहास याच अडचणीभोवती फिरतो. काळाचा प्रवाह बदलला, तर त्यातली माणसं, दप्तरं, घड्याळं आणि आठवणीही त्याच्यासोबत बदलतात. मग बदल मोजायचा कशावरून? जमीन मोजणाऱ्याला आधी न हलणारी खूण लागते. ती खूण इतिहासाबाहेर कुठे रोवायची, याचं उत्तर प्रत्येक लेखकाला स्वतः शोधावं लागलं.

एच. जी. वेल्स यांनी १८९५ मध्ये ‘द टाइम मशीन’ लिहिली, तेव्हा तबकड्या आणि काटे ही यंत्रयुगाची ओळख होती. त्यांच्या कालयंत्रावरही तबकड्याच आहेत: एक दिवस मोजते, दुसरी हजारो दिवस, तिसरी लाखोंच्या हिशेबात आणि चौथी त्याहीपुढे. काटे थांबतात ते इसवी सन ८,०२,७०१ वर. पण परतलेला प्रवासी मित्रांना हकीकत सांगताना पुरावा म्हणून तबकडीचा आकडा पुढे करत नाही. खिशातून दोन कोमेजलेली, कुणाच्याच ओळखीची नसलेली फुलं काढून टेबलावर ठेवतो.

आयझॅक असिमोव्ह यांनी खूण रोवण्यासाठी काळाबाहेरची जागाच बांधली. ‘द एंड ऑफ इटर्निटी’ (१९५५) या कादंबरीत ‘इटर्निटी’ नावाची संस्था काळाच्या बाहेर राहून मानवी इतिहास दुरुस्त करते. तिथे निरीक्षक आहेत, समाजशास्त्रज्ञ आहेत, एकेका माणसाचं संभाव्य आयुष्य आखून पाहणारे आहेत आणि हे सगळं गणित मांडणारे गणकही आहेत. हवा तो परिणाम साधणारा लहानात लहान बदल शोधायचा, हे त्यांचं काम. तंत्रज्ञ अँड्र्यू हार्लन एक डबा एका फळीवरून दुसऱ्या फळीवर ठेवतो आणि एका शतकातला अंतराळप्रवास नाहीसा होतो. इतक्या क्षुल्लक हालचालीचा एवढा परिणाम ही तेव्हा निव्वळ कादंबरीतली गोष्ट होती.

सहाच वर्षांनी ती प्रयोगशाळेत दिसली. १९६१ मध्ये एमआयटीतले हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लॉरेन्झ संगणकावर हवामानाचं एक साधं प्रतिरूप चालवत होते. आधीचं एक गणित पुन्हा पाहायचं म्हणून त्यांनी छापील कागदावरचा मधला आकडा भरला: .५०६. संगणकाच्या स्मृतीत मूळ आकडा होता .५०६१२७. सुरुवातीला दोन्ही हवामानं जवळजवळ सारखी चालली आणि मग एकमेकांपासून इतकी फाकली की त्यांत काही साम्य उरलं नाही. फरक ओळखता आला, कारण पहिल्या गणिताचा कागद हाताशी होता. खऱ्या जगाच्या इतिहासाची अशी दुसरी प्रत कुणाकडेच नसते.

दशांशचिन्हानंतरचे सहा आकडे पुढे एका काल्पनिक यंत्रावरही झळकले. २००९ मध्ये आलेल्या ‘स्टाइन्स;गेट’ या जपानी व्हिडिओ गेममध्ये ‘डायव्हर्जन्स मीटर’ आहे; २०११ मध्ये त्यावर अ‍ॅनिमे मालिकाही निघाली. जग कोणत्या विश्वरेषेवर, म्हणजे इतिहासाच्या कोणत्या पर्यायी धाग्यावर आहे, ते हा मीटर दाखवतो. नायकाला गाठायची असते १.०४८५९६ ही रेषा. आकडे उमटतात निक्सी नळ्यांमध्ये. निऑन वायू भरलेल्या, आत आकड्यांच्या आकाराच्या तारा एकामागे एक बसवलेल्या या काचेच्या नळ्या १९५५ च्या सुमारास बाजारात आल्या आणि सत्तरच्या दशकात एलईडीनं त्यांना हटवलं. इथे न हलणारी खूण आहे ती नायक ओकाबेची स्मृती. विश्वरेषा बदलली की बाकी सगळे जुनं जग विसरतात आणि त्याला एकट्याला ते आठवत राहतं. त्या एकटेपणामुळेच ही कथा मनाला भिडते.

याच काळात ‘एससीपी फाउंडेशन’ या अनेकांनी मिळून लिहिलेल्या कथाविश्वानं वास्तवाच्या घट्टपणासाठी एककही ठरवलं: ‘ह्यूम’. मोजणाऱ्या यंत्राचं नाव ‘कांट काउंटर’. आजवर सूर्य रोज उगवला, यावरून उद्याही तो उगवेलच असं तर्कानं सिद्ध होत नाही, हे अठराव्या शतकात दाखवून देणारे तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम यांचं नाव या मापाला मिळावं, हे उचितच आहे.

मराठीत ही खूण जयंत नारळीकरांनी एका फाटक्या पानात शोधली. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघातानंतर वेगळ्याच मुंबईत पोचतात. तिथे मराठे पानिपतची लढाई जिंकलेले असतात. फाटा कुठे फुटला, हे ते टाउन हॉलमधल्या ग्रंथालयात बसून इतिहासकाराच्या शिस्तीनं शोधतात. आपल्या इतिहासात १४ जानेवारी १७६१ रोजी त्या लढाईत पेशव्यांचे पुत्र विश्वासराव गोळी लागून पडले. तिथल्या बखरीत मात्र ती गोळी त्यांच्या कानाजवळून निसटून जाते. परतल्यावर गंगाधरपंतांच्या खिशात त्याच बखरीचं पान निघतं.

या कथेनं बदल नोंदवलाच, शिवाय स्थिरताही मोजली. पंतांचा मित्र राजेंद्र देशपांडे त्यांना आपत्तिसिद्धान्त समजावतो. दोन्ही सैन्यं तोडीस तोड होती, त्यामुळे निकाल नेतृत्वावर आणि सैन्याच्या मनोबलावर अडला होता. विश्वासराव पडताच ते मनोबल खचलं. तोल असा काट्यावर आलेला असतो, तेव्हा तिळाएवढ्या अंतरानं गेलेली एक गोळी साम्राज्यांचं भवितव्य फिरवते. बळ एकतर्फी असतं, तर तीच गोळी एका घराच्या दुःखापलीकडे गेली नसती. कोणत्या दिवशी इतिहास असा नाजूक होता आणि कोणत्या दिवशी तो ढिम्म हलला नसता, हे इतिहासकार फौजांच्या याद्या, रसदेचे हिशेब आणि छावणीतून गेलेली पत्रं ताडून ठरवतात. नारळीकरांनी आपल्या कथेचा नायक इतिहासाचा प्राध्यापक केला, तो याच कामासाठी.