उलट्या धारेची तलवार : केन्शिनची वचने आणि त्यांमागील कथा

जपानी अॅनिमेच्या चाहत्यांत नायकांच्या वचनांची चलती मोठी असते. एखादे वाक्य, त्यामागे नायकाचे गंभीर मुद्रेतील चित्र, एवढ्या भांडवलावर ते जगभर फिरते. शक्ती, शहाणपण आणि शांती यांचा मेळ कसा घालावा, याविषयी अशी वाक्ये शोधणाऱ्याला ‘रुरोनी केन्शिन’चा नायक हिमुरा केन्शिन हमखास भेटतो. मात्र त्याची वचने प्रसंगातून सुटी करून वाचली, की ती गुळगुळीत सुभाषितांसारखी भासू लागतात. प्रत्यक्षात त्यातील बहुतेक त्याला फार महागात पडलेली आहेत.

चित्रकार नोबुहिरो वात्सुकी यांची ही चित्रकथा १९९४ ते १९९९ या काळात ‘शोनेन जंप’ या साप्ताहिकात क्रमशः प्रसिद्ध झाली. तिचे २८ खंड निघाले आणि सात कोटींहून अधिक प्रती वितरित झाल्या. तिच्यावरील दूरचित्रवाणी मालिका १९९६ ते १९९८ दरम्यान फुजी टीव्हीवर दाखविण्यात आली. कथेचा काळ आहे १८७८, म्हणजे मेइजी राजवटीचे अकरावे वर्ष. तोकुगावा शोगुनांची सत्ता संपून दहा वर्षे झालेली, आणि १८७६ च्या आदेशाने सामान्य सामुराईंना तलवार बाळगण्यास बंदी झालेली. अशा काळात कमरेला तलवार लावून एक भटक्या तोक्योत येतो. साहजिकच पहिल्याच प्रकरणात पोलीस त्याच्या मागे लागतात.

हा सडपातळ, नम्र, धुणीभांडी करण्यात रमणारा माणूस म्हणजे एकेकाळी क्योतोला कापरे भरविणारा मारेकरी ‘बत्तोसाइ’. क्रांतिकारकांच्या बाजूने त्याने ऐन पोरवयात असंख्य माणसे मारली आणि १८६८ च्या आरंभी तोबा-फुशिमीच्या लढाईनंतर तो नाहीसा झाला. वात्सुकी यांनी या पात्रासाठी कावाकामी गेन्साइ या खऱ्याखुऱ्या मारेकऱ्यावरून कल्पना घेतली. विचारवंत साकुमा शोझान यांची १८६४ मध्ये हत्या करणारा हा गेन्साइ पुढे नव्या सरकारकडूनच देहदंडास पात्र ठरला. केन्शिनला लेखकाने जगविले, आणि जगणे हीच त्याची शिक्षा केली.

त्याच्या हातातील ‘साकाबातो’ हे या कथेचे सर्वांत बोलके प्रतीक. सामान्य जपानी तलवारीची धार बाकाच्या बाहेरच्या अंगाला असते. हिची आतल्या अंगाला आहे. नेहमीच्या पद्धतीने वार केला तर शत्रूला बोथट बाजू लागते. (लोखंडी कांबीचा असा तडाखा बसल्यावर हाडे शाबूत राहतील काय, हा प्रश्न कथेत कोणी फारसा विचारीत नाही.) पण ही तलवार अहिंसक मुळीच नाही. मनगट फिरविले की ती पुन्हा जीवघेणी. म्हणजे न मारण्याची प्रतिज्ञा एकदा घेऊन भागत नाही, प्रत्येक लढतीत ती नव्याने पाळावी लागते.

पहिल्या प्रकरणातील त्याचे उद्गार आजही सर्वाधिक सांगितले जातात. काओरू कामिया ही तरुणी आपल्या दिवंगत वडिलांची तलवारबाजीची शाळा चालवीत असते. तलवार जीव घेण्यासाठी नसून जीव राखण्यासाठी आहे, ही त्या शाळेची शिकवण. ही कल्पना वात्सुकींची नव्हे. सतराव्या शतकातील तलवारपटू याग्यू मुनेनोरी यांच्या लेखनातही जीव घेणारी व जीवन देणारी तलवार असा भेद आढळतो. केन्शिन मात्र काओरूच्या मताला सरळ दुजोरा देत नाही. तलवार हे शस्त्र आहे आणि ती चालविण्याची विद्या ही माणूस मारण्याचीच विद्या आहे, कितीही गोंडस शब्दांत सांगितले तरी सत्य हेच, असे तो निक्षून सांगतो. आणि मग त्या सत्यापेक्षा काओरूचे भाबडे स्वप्नच आपल्याला अधिक आवडते, अशी पुस्ती जोडतो. फिरणाऱ्या चित्रांवर बहुधा यातील पुस्तीच तेवढी असते. पहिला भाग गाळला की उरतो तो निव्वळ भाबडेपणा. वाक्याचे वजन आहे ते हात रक्ताने माखलेल्या माणसाने ते उच्चारले यात.

गुरूचा इशारा

शक्ती आणि शहाणपण यांतील अंतर कथेत सर्वांत तीव्रतेने जाणवते ते केन्शिनचा गुरू हिको सेइजुरो याच्या संदर्भात. दरोडेखोरांच्या तावडीतून हिको एका पोरक्या मुलाला वाचवितो. दुसऱ्या दिवशी पाहतो तो, त्या मुलाने सर्व मृतांना मूठमाती दिलेली असते: त्याला पाठीशी घालणाऱ्या स्त्रियांना तर दिलीच, पण दरोडेखोरांना आणि त्याला विकत घेणाऱ्यांनाही. ‘शिंता’ हे त्याचे मवाळ नाव बदलून गुरू ‘केन्शिन’ ठेवतो. त्यात तलवार आहे आणि हृदयही आहे. पुढे चौदाव्या वर्षी हाच मुलगा दुबळ्यांना वाचविण्यासाठी क्रांतीत उडी घेऊ पाहतो, तेव्हा हिको त्याला अडवितो. एवढी मोठी शक्ती कोणत्याही एका पक्षाच्या दावणीला बांधली, की ती सत्तेचे हत्यार होते, हे त्याचे म्हणणे. मुलगा ऐकत नाही. हेतू शुद्ध, हात कुशल आणि समज अपुरी. क्योतोतील हत्यांचा हिशेब तेथून सुरू होतो. या कथेत निव्वळ दुष्टाव्यापेक्षा अशा शुद्ध हेतूची भीती अधिक वाटते, आणि ते योग्यच आहे.

चौदा वर्षांनी तो गुरूकडे परत येतो, तेव्हा अखेरचे तंत्र शिकण्याआड येते ती त्याची अपराधी भावना. मेलो तरी चालेल, या वृत्तीने तो लढत असतो. हिकोच्या घातक हल्ल्यासमोर उभा असताना त्याला उमगते, की आपल्याला जगायचे आहे. आपला जीवही इतरांच्या जीवांसारखाच एक आहे, तो तुच्छ मानणाऱ्याला दुसऱ्याचे रक्षणही धड करता येत नाही. त्यागाचे गोडवे गाणाऱ्या वीरकथांच्या परंपरेत हा विचार वेगळा उठून दिसतो.

जिंकला म्हणून बरोबर?

क्योतो पर्वाची पार्श्वभूमी इतिहासातून उचललेली आहे. गृहमंत्री ओकुबो तोशिमिची यांची १४ मे १८७८ रोजी तोक्योत असंतुष्ट सामुराईंनी हत्या केली, ही वस्तुस्थिती. वात्सुकी यांच्या कथेत ते काम शिशिओ माकोतो या बंडखोराचा हस्तक सेता सोजिरो करतो. बलवान जगतो आणि दुबळा त्याचे भक्ष्य होतो, हे शिशिओचे तत्त्वज्ञान. लहानपणी घरच्यांचा छळ सोसलेल्या सोजिरोने ते जिवापाड स्वीकारलेले असते. केन्शिन त्याला हरवितो तेव्हा सोजिरो स्वाभाविक प्रश्न विचारतो: तुम्ही जिंकलात, म्हणजे तुमचेच बरोबर होते का?

येथे दुसरा कोणताही नायक ‘होय’ म्हणाला असता. केन्शिन ते नाकारतो. एकदोन लढतींनी सत्य ठरत असते, तर जगण्याची वाट कोणाचीच चुकली नसती, अशा आशयाचे उत्तर देऊन तो सोजिरोला स्वतःचे उत्तर स्वतः शोधायला सांगतो. जिंकणारा बरोबर असे म्हटले असते, तर ती शिशिओचीच शिकवण ठरली असती. या नायकाचे एकच वचन निवडायचे झाल्यास हे निवडावे. सोजिरो नंतर ते उत्तर शोधण्यासाठी भटकंतीला निघतो.

अर्थात केन्शिनचा तोल सदैव टिकतो असे नाही. उदो जिन्-ए हा मारेकरी काओरूचा श्वास कोंडतो, तेव्हा त्याच्यातला जुना बत्तोसाइ जागा होतो. मनगट फिरणार इतक्यात खुद्द काओरूच संमोहन झुगारून त्याला थांबविते. पुढे तोमोए या त्याच्या पहिल्या पत्नीचा भाऊ एनिशी सूडासाठी येतो आणि काओरू मेली असे भासवितो, तेव्हा तर केन्शिन तलवार साखळीने म्यानाला जखडून पराभूत माणसांच्या वस्तीत निपचित बसून राहतो. तोमोएचा जीव त्याच्याच तलवारीने, नकळत का होईना, गेलेला असतो. मरून प्रायश्चित्त होत नाही, जगून आणि राखून ते करावे लागते, हे त्याला तेथे कळते. त्यासाठी तत्त्वचर्चा नव्हे, तर मदतीसाठी आलेल्या एका मुलीची हाक कारणी लागते.

त्याची बोलण्याची ढब हाही वचनांचाच भाग आहे. स्वतःसाठी तो ‘सेस्शा’ हे सामुराईंचे जुने विनयदर्शक सर्वनाम वापरतो. मराठीत ‘मी’ म्हटले की तो विनय हरवतो, आणि ‘हा पामर’ म्हटले की नाटकी होतो. संताप अनावर झाला की मात्र तो ‘ओरे’ या राकट सर्वनामावर येतो. जाणकार प्रेक्षक तेवढ्यावरून धोका ओळखतात.

लेखकाविषयीची एक बाब टाळता येण्यासारखी नाही. बालकांची अश्लील चित्रफीत सामग्री बाळगल्याप्रकरणी वात्सुकी यांच्यावर २०१७ मध्ये कारवाई झाली व २०१८ मध्ये त्यांना दोन लाख येन दंड झाला. तेव्हा थांबविलेले ‘होक्काइदो पर्व’ त्याच वर्षी पुन्हा सुरू करण्यात आले. त्यामुळे अनेक वाचक या कथेपासून दूर गेले. दुबळ्यांच्या रक्षणाची वचने कोणाच्या लेखणीतून आली, हा त्यांचा प्रश्न रास्त आहे आणि कथेच्या गुणांनी तो पुसला जात नाही.

नव्याने पाहू इच्छिणाऱ्यांसाठी: १९९६ च्या मालिकेत एनिशीचे पर्व आलेलेच नाही. तोमोएची हकिकत १९९९ च्या चार भागांच्या चित्रफितीत स्वतंत्रपणे आहे. २०१२ ते २०२१ या काळात केइशी ओतोमो यांनी पाच चित्रपट दिग्दर्शित केले, त्यांत ताकेरू सातो केन्शिनच्या भूमिकेत आहे. आणि २०२३ पासून मालिका नव्याने चित्रित होऊ लागली. मूळ चित्रकथेच्या शेवटी केन्शिनचे शरीर थकलेले असते आणि उलट्या धारेची तलवार तो यहिको या पंधरा वर्षांच्या शिष्यवत मुलाच्या हाती सोपवितो.